इसार आणि खरेदी यांच्या मधला काळ



ही व्याख्यानमाला एका दिवाणी वकिलाच्या स्मरणार्थ चालते. खानदेशात दिवाणी वकिली म्हणजे बहुतांशी वावराची वकिली: बांध, वाटणी, वहिवाट आणि साठेखत, म्हणजे जमीन विकण्याचा करार. पहिल्या तिन्हींवर बोलायला माझ्याहून जाणते लोक या सभागृहात बसले आहेत. मी चौथ्यावर बोलणार आहे. साठेखताच्या दाव्यांचा कायदा 2018 मध्ये मुळापासून बदलला, आणि तो बदल आपल्या तालुक्यांच्या गावांपर्यंत अजून नीट पोचलेला नाही.

व्यवहार कसा होतो हे तुम्हाला मी सांगायला नको. यावल-रावेरकडची केळीची बागायत असो की साक्री-शिंदखेड्याकडची कोरडवाहू जमीन असो, मध्यस्थ दोघांना एका ओट्यावर बसवतो, भाव ठरतो, ‘जिभाऊ, शब्द झाला’ असं म्हणत चहा होतो आणि इसार दिला जातो. मग पावती लिहितात. तिच्यात गट नंबर, चतुःसीमा, ठरलेली किंमत, इसाराची रक्कम आणि ‘आजपासून सहा महिन्यांचे आत खरेदीखत करून द्यावयाचे’ हे वाक्य. खाली दोन साक्षीदार, त्यांतला एक बहुधा तो मध्यस्थच. पूर्वी शंभराच्या, आता पाचशेच्या मुद्रांकावर हे सगळं मावतं, आणि घेणारा घरी जाऊन सांगतो, ‘वावर घेतलं.’

घेतलेलं नसतं. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचं कलम 54 सांगतं की, विक्रीच्या करारामुळे त्या मिळकतीत कसलाही हक्क किंवा बोजा आपोआप निर्माण होत नाही. मालक जुनाच राहतो. सातबारा त्याच्या नावावर, पीककर्ज त्याला, नुकसानभरपाई त्याला. मुखत्यारपत्र, साठेखत आणि मृत्युपत्र असे तीन कागद एकत्र बांधून ‘खरेदी झाली’ म्हणायची जी पद्धत शहरांभोवती पसरली होती, तिलाही सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये सूरज लॅम्प खटल्यात सरळ नकार दिला. साठेखत हातात असलेल्या माणसाला मिळतो तो एकच हक्क: कोर्टात जाऊन, ‘यांनी कबूल केल्याप्रमाणे मला खरेदीखत करून द्यावं’ असं मागण्याचा. आपण वकील त्याला स्पेसिफिक परफॉर्मन्सचा दावा म्हणतो. मराठी कायद्यात ‘विनिर्दिष्ट अनुपालन’ असा भारदस्त शब्द आहे. मी आज ‘करारपूर्ती’ म्हणेन, म्हणजे मागे बसलेल्या शेतकरी मंडळींनाही सोबत येता येईल.

करार मोडला तर सामान्यपणे कायदा पैशात भरपाई देतो. कापसाच्या शंभर गाठी ठरल्या आणि व्यापाऱ्याने दिल्या नाहीत, तर बाजारातून दुसऱ्या घ्या आणि फरक वसूल करा. जमिनीला हा न्याय लागू पडत नाही, कारण आपल्या बांधाला लागून असलेला गट जगात एकच असतो. इंग्लंडच्या चान्सरी कोर्टाने हे तत्त्व रुजवलं, आपल्याकडे ते 1877 च्या कायद्यातून आलं आणि 1963 च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमात कायम राहिलं. 1963 च्या कलम 10 मध्ये गृहीतच धरलं होतं की, स्थावर मिळकत देण्याचा करार मोडल्यास पैशाची भरपाई पुरेशी ठरत नाही. उलट सिद्ध करायचं असेल तर ते विरोधकाने करावं.

इथपर्यंत कायदा घेणाऱ्याच्या बाजूचा वाटतो, आणि तसा तो असायलाही हवा. एका पावतीवर इसार घ्यायचा आणि दुसऱ्याने चार पैसे जास्त दाखवले की त्याला खरेदी करून द्यायची, हा उद्योग आपल्याकडे काही नवा नाही. त्यावर 1953 मध्येच न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी, दुर्गाप्रसाद विरुद्ध दीपचंद या प्रकरणात, हुकूमनाम्याचा नमुना घालून दिला. नंतरच्या खरेदीदाराला आधीचा करार माहीत असेल, तर मूळ मालकाने करार पाळावा आणि नंतरच्या खरेदीदारानेही त्या खरेदीखतात सामील होऊन आपला हक्क पहिल्या माणसाकडे सोपवावा. आजही हुकूमनामे याच साच्यात निघतात. नंतरच्याने ‘मला काही ठाऊक नव्हतं, मी पूर्ण किंमत देऊन प्रामाणिकपणे घेतलं’ हे सिद्ध केलं, तर मात्र कलम 19 त्याला वाचवतं. म्हणूनच नोंदणी कार्यालयातल्या शोधात सापडणारं साठेखत आणि कपाटात ठेवलेली पावती यांच्या ताकदीत जमीन-अस्मानाचा फरक आहे. जाहीर नोटीस वर्तमानपत्रात दिली तर तीही अशा वेळी उपयोगी पडते, पण कुणी वाचत नसलेल्या पानावर, गट नंबर चुकवून छापलेल्या नोटिसा मी पाहिल्या आहेत. त्यांचा उपयोग छापणाऱ्यालाच झाला.

आता माझ्या मूळ मुद्द्याकडे येतो. इसार आणि खरेदी यांच्यामध्ये जो काळ जातो, त्या काळाचा धोका कुणी सोसायचा? आपल्या कोर्टांतल्या साठेखताच्या भांडणांत नव्वद टक्के, निदान माझ्या समजुतीप्रमाणे, याच एका प्रश्नाची वेगवेगळी रूपं असतात.

समजा, चोपडा तालुक्यात एकाने चार एकर वावर 40 लाखांना देण्याचं कबूल केलं, 4 लाख इसार घेतला आणि सहा महिन्यांची मुदत लिहिली. सहा महिने गेले. घेणारा गप्प, देणाराही गप्प. दोन वर्षांनी जवळून बायपास जाणार अशी बातमी आली, भाव दुप्पट झाला, आणि घेणाऱ्याची नोटीस आली: ‘मी पहिल्यापासून तयार होतो, तुम्हीच टाळाटाळ करत होता.’ 1963 च्या मुदत अधिनियमातील अनुच्छेद 54 प्रमाणे, करारात तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून तीन वर्षांत, आणि ठरली नसेल तर नकार कळल्यापासून तीन वर्षांत दावा लावता येतो. म्हणजे या उदाहरणात करारापासून साडेतीन वर्षं. किंमत चढली तर जमीन मागायची, उतरली तर इसारावर पाणी सोडायचं किंवा तोही परत मागायचा. 4 लाखांत 40 लाखांच्या जमिनीवर साडेतीन वर्षं एकतर्फी पैज लावल्यासारखं हे झालं. देणाऱ्याने मात्र तेवढा काळ ना दुसऱ्याला विकायचं, ना मुलीच्या लग्नासाठी पैसा उभा करायचा.

कायद्याने हे कधीच मान्य केलेलं नाही, आणि हे वकिलांनीच अशिलांना पुरेसं सांगितलेलं नाही. मुदतीचा कायदा दावा कधीपर्यंत दाखल करता येतो तेवढंच सांगतो. तोपर्यंत स्वस्थ बसायची सवलत तो देत नाही. मुंबईहून प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलेल्या अर्देशीर मामा विरुद्ध फ्लोरा ससून या 1928 च्या निकालात हे स्वच्छ मांडलं गेलं की, करारपूर्ती मागणाऱ्याने कराराच्या दिवसापासून दाव्याच्या सुनावणीपर्यंत सतत तयार आणि राजी असल्याचं दाखवलं पाहिजे. तेच पुढे 1963 च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 16 च्या (क) खंडात आलं. ‘तयार’ म्हणजे पैशाची ऐपत आणि ‘राजी’ म्हणजे वागणुकीतून दिसणारा इरादा. दोन्ही लागतात. बँकेत पैसा असून नोटीस दिली नाही तर इरादा दिसत नाही. दहा नोटिसा दिल्या आणि खात्यात चार हजार असले तर ऐपत दिसत नाही.

मदुराईतल्या एका घराचं प्रकरण मी मुद्दाम सांगतो, कारण त्याचे आकडे आपल्या पावत्यांसारखेच आहेत. 1978 मध्ये 60,000 रुपयांना घर ठरलं, इसार 5,000, मुदत सहा महिन्यांची. घेणारा अडीच वर्षं शांत राहिला आणि मग कोर्टात आला. तोवर भाव कितीतरी चढला होता. 1997 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विद्यानदम खटल्यात त्याला करारपूर्ती नाकारली. स्थावर मिळकतीच्या करारात वेळ हा साधारणतः मर्मभूत, म्हणजे कराराचा गाभा, मानत नाहीत, हे 1993 च्या चांद राणी निकालात घटनापीठाने सांगितलं होतं. पण त्याच निकालात हेही होतं की, वेळ मर्मभूत नसला तरी करार वाजवी काळात पुरा झाला पाहिजे. विद्यानदममध्ये न्यायालयाने त्याला शहरांतल्या चढत्या भावांची जोड दिली. 2011 मध्ये शारदामणी कंदप्पन खटल्यात न्यायमूर्ती रवींद्रन यांनी त्याहून पुढे जाऊन विचारलं: भाव वर्षानुवर्षं स्थिर असत त्या काळातलं हे ‘वेळ मर्मभूत नाही’ तत्त्व आजच्या बाजारात जसंच्या तसं चालवायचं का? माझ्या मते या प्रश्नाचं उत्तर अजून कुणी धाडसाने दिलेलं नाही.

खानदेशात भाव दोन कारणांनी उड्या मारतात: पाणी आणि रस्ता. सुलवाडे-जामफळ-कनोली उपसा सिंचन योजनेची पायाभरणी फेब्रुवारी 2019 मध्ये धुळ्यात झाली, तेव्हा शिंदखेडा-धुळे भागातल्या कोरडवाहू गटांकडे लोक वेगळ्या नजरेने पाहू लागले. मुंबई-आग्रा आणि सुरत-नागपूर हे दोन महामार्ग धुळ्यात एकमेकांना छेदतात, त्यामुळे शहराभोवतीची शेती ही शेती म्हणून क्वचितच विकली जाते. आणि सप्टेंबर 2024 मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने 309 किलोमीटरच्या मनमाड-इंदूर रेल्वेमार्गाला मंजुरी दिली, तोही धुळे जिल्ह्यातून जाणारा. अशा बातम्या येतात तेव्हा जुन्या पावत्या कपाटातून बाहेर निघतात.

आता 2018. जुन्या कायद्याच्या कलम 20 प्रमाणे करारपूर्ती देणं न्यायाधीशाच्या विवेकावर होतं. करार कायदेशीर असला तरी, देणाऱ्यावर आधी न दिसलेलं कठीण संकट येणार असेल, किंवा करार होतानाच घेणाऱ्याला अन्याय्य वरचष्मा मिळालेला असेल, तर न्यायाधीश करारपूर्ती न देता इसार व्याजासह परत द्या किंवा भरपाई द्या असं म्हणू शकत होता. केवळ किंमत कमी ठरली होती एवढ्याने तो नकार देऊ शकत नव्हता. कायद्यातच तसं लिहिलं होतं. म्हणजे हा विवेक मोकाट नव्हता. आनंद देसाई यांच्या अध्यक्षतेखालील तज्ज्ञ समितीने 2016 मध्ये अहवाल दिला, त्यानंतर 1 ऑक्टोबर 2018 पासून नवं कलम 10 आलं. आता कलम 11, 14 आणि 16 च्या अपवादांखेरीज न्यायालयाने करारपूर्ती द्यायचीच आहे. कलम 20 मधला विवेक काढून तिथे दुसऱ्याकडून काम करून घेण्याची तरतूद बसवली. पायाभूत प्रकल्पांसाठी स्वतंत्र तरतुदी आल्या. दावा समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत, फार तर आणखी सहा महिन्यांत, निकाली काढायचा असंही कलम आलं.

या दुरुस्तीमागचं कारण स्पष्टच होतं: करार पाळले जातात अशी गुंतवणूकदारांना खात्री हवी होती. बंदरं, महामार्ग आणि वीज प्रकल्पांचे करार डोळ्यांपुढे ठेवून आखलेला नियम अमळनेरच्या आणि शिरपूरच्या कोर्टात साडेतीन एकरांच्या साठेखताला त्याच शब्दांत लागू झाला. मला या दुरुस्तीचा राग नाही. देणाऱ्याने फिरायचं आणि वर ‘मला त्रास होईल’ असं सांगून सुटायचं, हे थांबायला हवंच होतं. पण मोठ्या कंपन्यांच्या करारात दोन्ही बाजूंना वकील असतात. आपल्या ओट्यावरच्या करारात वकील एकाचाच असतो, आणि तोही बहुधा पैसे देणाऱ्याचा. जुन्या कलम 20 मध्ये ही विषमता ऐकून घ्यायला एक जागा होती. ती गेली.

ही दुरुस्ती जुन्या साठेखतांना लागू होते का, यावरही बराच गोंधळ झाला. कट्टा सुजाता रेड्डी प्रकरणात ऑगस्ट 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, ती पुढच्या व्यवहारांनाच लागू आहे. नोव्हेंबर 2024 मध्ये तो निकालच पुनर्विलोकनात मागे घेतला गेला, आणि वकिलांना युक्तिवाद पुन्हा नव्याने मांडावे लागले.

विवेक गेला तरी कलम 16 (क) राहिलं, हे मात्र विसरू नये. पूर्वी दाव्यात ‘मी तयार व राजी आहे’ असं लिहावं लागे आणि सिद्धही करावं लागे. आता लिहिण्याची सक्ती गेली, सिद्ध करण्याची राहिली. म्हणून माझं म्हणणं असं की, 2018 नंतरची खरी लढाई पुराव्यात आहे. घेणाऱ्याची तयारी कशी तपासायची? केळीच्या व्यापाऱ्याने दिलेल्या पट्ट्या, जिनिंगची कापसाची बिलं, कर्ज मंजुरीचं पत्र, त्या सहा महिन्यांतलं बँकेचं खातं, दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात हजर राहून केलेला अर्ज. यांतलं काहीच नसेल तर उलटतपासात एवढाच प्रश्न विचारावा: बाकीचे 36 लाख अमुक तारखेला तुमच्याकडे कुठे होते? या प्रश्नाला उत्तर नसलेला दावा मला तरी फेटाळण्यायोग्य वाटतो, नवा कायदा काहीही म्हणो.

रोखीचाही प्रश्न आहे. ‘10 लाख रोख दिले, साक्षीदारांसमोर’ हे वाक्य आपल्या दाव्यांत सर्रास येतं. एप्रिल 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्देश दिला की, एखाद्या दाव्यात मिळकतीच्या व्यवहारासाठी 2 लाख किंवा अधिक रोख दिल्याचं म्हटलं असेल, तर न्यायालयाने ते आयकर विभागाला कळवावं. तेव्हापासून रोख रकमेचं कलम लिहिताना अशील दोनदा विचार करतील अशी माझी अपेक्षा आहे.

आता सर्वांत नाजूक गोष्ट. खानदेशातली बरीच साठेखतं ही साठेखतं नसतातच. ती कर्जाची तारण असतात. कापूस बुडाला, बोंडअळी आली, दवाखान्याचा खर्च निघाला, आणि 3 लाखांची गरज पडली. पैसे देणारा व्याज लिहीत नाही, साठेखत लिहून घेतो: ‘6 लाखांना जमीन विकण्याचं ठरलं, 3 लाख इसार मिळाला.’ परतफेड झाली की कागद फाडायचा, असं तोंडी ठरतं. परतफेड थकली की तोच कागद घेऊन तो माणूस कोर्टात जातो आणि करारपूर्ती मागतो. 2018 नंतर हा कागद पूर्वीपेक्षा धारदार झाला आहे.

या दुखण्याला खूप जुना इतिहास आहे. 1875 मध्ये पुणे-नगरकडे शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्तऐवज जाळले, त्यानंतर 1879 चा दख्खन शेतकरी कायदा आला, आणि पुढे त्यात घातलेल्या कलमाने न्यायाधीशाला कागदावरच्या विक्रीच्या मागचं गहाण पाहण्याची परवानगी दिली. आज ती वाट दुसऱ्या मार्गाने खुली आहे. कागद हा मुळात दिखाऊ होता, दोघांचाही विक्रीचा इरादाच नव्हता, हे सांगण्यासाठी तोंडी पुरावा चालतो असं सर्वोच्च न्यायालयाने 1982 च्या गंगाबाई विरुद्ध छबूबाई निकालात स्पष्ट केलं. दुसरी वाट 2014 च्या महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियमाच्या कलम 18 मध्ये आहे: सावकारीतून, अगदी विक्रीच्या नावाखाली घेतलेल्या जमिनीचीही चौकशी जिल्हा उपनिबंधक करू शकतात आणि ती परत देण्याचा आदेश देऊ शकतात. ही वाट दिवाणी कोर्टाबाहेरची आहे आणि स्वस्त आहे. तरीही करारपूर्तीच्या दाव्यात प्रतिवादीची कैफियत पाहिली, तर अनेकदा ‘सही माझी नाही’ एवढंच असतं. सही त्याचीच असते. ती सही कशासाठी केली, हे त्याने पहिल्या दिवशी सांगायला हवं. वर्षभराने उलटतपासात सांगितलं तर कुणी विश्वास ठेवत नाही.

काही जमिनींच्या बाबतीत करारपूर्ती मुळातच कायद्याच्या भिंतीला धडकते. कूळ कायद्याच्या कलम 63 प्रमाणे शेतजमीन बिगर-शेतकऱ्याला परवानगीशिवाय देता येत नाही. 1979 च्या गुंडाजी शिंदे निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, करारपूर्तीच्या दाव्यात घेणारा शेतकरी आहे की नाही हा प्रश्न निघाला, तर त्याचा निर्णय मामलेदाराकडून यायला हवा. तुकडेबंदीचा कायदा आहेच. 2023 मध्ये प्रमाणभूत क्षेत्र बागायतीसाठी 10 गुंठे आणि जिरायतीसाठी 20 गुंठे केल्याने तो सैल झाला, पण पाच गुंठ्यांचं साठेखत करून करारपूर्ती मागणाऱ्यांना अजूनही अडचण येते. वर्ग 2 च्या आणि नव्या शर्तीच्या जमिनीला परवानगी आणि नजराणा लागतो. कूळ कायद्याच्याच कलम 43 खालच्या कुळांच्या जमिनींना 2014 च्या दुरुस्तीने, दहा वर्षं झाली असतील तर आकाराच्या चाळीस पट रक्कम भरून मोकळीक दिली आहे, हे अनेकांना अजून माहीत नाही.

आदिवासी जमिनीची गोष्ट मात्र वेगळी आणि गंभीर आहे, आणि खानदेशात ती टाळून चालणार नाही. 1972 मध्ये शहाद्याला, तेव्हाच्या धुळे जिल्ह्यात, अंबरसिंग सुरतवंती यांच्या पुढाकाराने भिल्ल शेतकरी गेलेल्या जमिनी परत मागायला एकत्र आले. त्या जमिनी गहाण, करार, तोंडी सौदे अशा नाना कागदांनी गेल्या होत्या. पुढे 1974-75 मध्ये महाराष्ट्राने कायदे केले: 1 एप्रिल 1957 ते 6 जुलै 1974 या काळात आदिवासींकडून बिगर-आदिवासींकडे गेलेल्या जमिनी परत देण्याचा, आणि जमीन महसूल संहितेत कलम 36-अ घालण्याचा. सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्ये परतीचा कायदा वैध ठरवला. 36-अ मध्ये एक वाक्य आहे जे प्रत्येक दिवाणी वकिलाने लक्षात ठेवावं: दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याच्या अंमलात होणारी विक्रीसुद्धा परवानगीशिवाय चालत नाही. म्हणजे साठेखत, दावा आणि आपसात तडजोडीचा हुकूमनामा अशी वळसा घालणारी वाट बंद आहे. 1995 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्याच एका आदिवासी शेतकऱ्याच्या जमिनीबाबत करारपूर्ती नाकारताना, असा करार सार्वजनिक धोरणाच्या विरुद्ध आहे असं म्हटलं. 2018 च्या दुरुस्तीने यात काहीही बदललेलं नाही, पण ‘आता कोर्टाला करारपूर्ती द्यावीच लागते’ असं सांगत नंदुरबार-साक्रीकडे फिरणारे लोक आहेत, म्हणून हे मुद्दाम सांगतो.

बहिणींचा प्रश्नही याच्याशी जोडलेला आहे. साठेखतावर भाऊ सह्या करतात आणि बहिणीला लग्नाच्या साड्या देऊन विषय संपला असं समजतात. 11 ऑगस्ट 2020 च्या विनीता शर्मा निकालानंतर मुलीचा वडिलोपार्जित मिळकतीतला हिस्सा जन्मापासूनचा आहे, वडील 2005 च्या वारसा कायद्यातल्या दुरुस्तीवेळी हयात असोत वा नसोत. मग भावांनी केलेल्या करारातून घेणाऱ्याला भावांच्या हिश्श्यापुरतीच करारपूर्ती मिळेल का? विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम 12 त्याची सोय करतं, पण न मिळणारा भाग मोठा असेल तर घेणाऱ्याने उरलेल्या भागावरचा आणि भरपाईचा सगळा दावा सोडून द्यावा लागतो. बहिणीचं हक्कसोडपत्र साठेखताच्या आधी घ्या, नाहीतर बहिणीलाच सहीला बसवा. भाऊबंदकीतल्या कितीतरी दाव्यांची मुळं इथे आहेत, आणि बहीण गप्प बसेल असं गृहीत धरणाऱ्या वकिलांबद्दल मला फारसा आदर नाही.

कब्जा दिला असेल तर काय? कब्जासह साठेखत आणि मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 53-अ खाली मिळणारं संरक्षण हे जुने आधार. पण सप्टेंबर 2001 पासून असं साठेखत नोंदलेलं नसेल तर 53-अ चं संरक्षण मिळत नाही, आणि मुद्रांक कायद्याच्या अनुच्छेद 25 च्या स्पष्टीकरणानुसार कब्जासह साठेखताला खरेदीखताइतकंच मुद्रांक शुल्क लागतं. शुल्क कमी असेल तर कागद पुराव्यात येण्याआधीच जप्त होतो. नोंदणी कायद्याच्या कलम 49 मुळे नोंद नसलेलं साठेखतही करारपूर्तीच्या दाव्यात पुरावा म्हणून चालतं. मुद्रांकाला मात्र अशी सवलत नाही. हा फरक अनेकांच्या लक्षात येतो तो कागद दाखल करताना, म्हणजे उशिरा.

आणि दाव्यात इसार परत मागायला विसरू नका. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम 22 सांगतं, स्पष्ट मागितल्याशिवाय परतीची रक्कम मिळत नाही. मागणी नंतर दुरुस्तीने घालता येते, पण ती घालायला लागते. देणाऱ्याच्या चुकीने व्यवहार मोडला असेल, तर इसारासाठी त्या जमिनीवर घेणाऱ्याचा बोजा राहतो, हेही मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 55 मध्ये आहे. करारपूर्ती गेली म्हणून सगळं गेलं असं नसतं.

हुकूमनामा मिळाला म्हणजे जमीन मिळाली असंही नसतं. न्यायालय पैसे भरण्याची तारीख देतं. त्या तारखेत भरले नाहीत तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 28 प्रमाणे देणारा करार रद्द मागू शकतो, आणि न्यायालय मुदत वाढवूही शकतं. त्यानंतर दरखास्त. देणारा सहीला आला नाही तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 34 प्रमाणे मसुदा कोर्टासमोर येतो आणि न्यायालयाने नेमलेला अधिकारी त्याच्या वतीने सही करतो. मग नोंदणी, फेरफार आणि ताबा. त्यात अपिलं धरली, औरंगाबाद खंडपीठापर्यंतची, तर इसार देणारा माणूस आजोबा होतो.

मनमाड-इंदूर मार्गाकडे परत येतो. धुळे जिल्ह्यात साठेखत झालेल्या आणि दाव्यात असलेल्या काही जमिनी या मार्गासाठी संपादित होतील. त्यांच्या बाबतीत करारपूर्ती अशक्य होईल, कारण खरेदीखत द्यायला जमीनच उरणार नाही. 1991 मध्ये जगदीश सिंग विरुद्ध नत्थू सिंग या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशाच परिस्थितीत जमिनीऐवजी संपादनाच्या मोबदल्यातून घेणाऱ्याला भरपाई दिली, मालकाने त्यासाठी केलेले श्रम-खर्च वजा करून. तेव्हा ज्यांचे असे दावे चालू असतील त्यांनी संपादन अधिकाऱ्याकडे आजच हरकत नोंदवावी, दाव्यात मोबदल्याची पर्यायी मागणी घालावी, आणि निकाल लागेपर्यंत मोबदल्याची रक्कम न्यायालयात जमा ठेवण्याचा अर्ज करावा. ज्यांचे करार आहेत पण दावे नाहीत, त्यांनी आपल्या पावतीवरची तारीख आज घरी गेल्यावर पाहावी आणि तीन वर्षं केव्हा भरतात ते मोजावं.